प्रकल्प नोंदी: आयएनएस जलाश्व, १:२०० प्रतिकृती

१७ नोव्हेंबर २०२४, दांडिया बाजार, बडोदा

आज ठरलं. वाचनालयाच्या उन्हाळी शिबिरासाठी युद्धनौकेची पाण्यावर तरंगणारी प्रतिकृती करायची आणि ती जलाश्वचीच. समितीतल्या अण्णांच्या मनात विक्रांत होती. विमानवाहू नौका मुलांना लगेच ओळखू येते, हे त्यांचं म्हणणं खरं आहे. पण विक्रांत कपाटात ठेवली तरी बरीचशी दिसते. जलाश्वचं काम पोटात चालतं. मागच्या टाक्यांत पाणी घेऊन ती आपला पार्श्वभाग मुद्दाम खाली बसवते, मागचं दार उघडते आणि आतल्या होड्या तरंगत बाहेर पडतात. हे चित्रात समजत नाही, टबात दाखवावं लागतं.

दुसरं कारण मी अण्णांना स्पष्ट सांगितलं. ऑगस्टच्या पुरात विश्वामित्रीचं पाणी सोसायट्यांत शिरलं, तेव्हा रस्त्यावरून होड्या फिरत होत्या. शिबिराला येणाऱ्या कितीतरी मुलांनी माणसं होडीत उतरताना गच्चीवरून पाहिली आहेत. लष्कर आणि नौदल अशा वेळी काय करतं, हे त्यांना समजावून सांगायची हीच वेळ आहे.

बडोद्याचा समुद्राशी काय संबंध, असं समितीतल्या एकाने विचारलं. उत्तर अण्णांनीच दिलं: ओखा बंदर सयाजीराव महाराजांच्या राज्यातलं, १९२६ साली सुरू झालेलं. विषय तिथेच मिटला.

टीम तिघांची. मी टूलरूममधून निवृत्त. भाची युनिव्हर्सिटीत मेकॅनिकलच्या तिसऱ्या वर्षाला. आणि लाकूडकामाला मिस्त्रीकाका.

२४ नोव्हेंबर

मापं पक्की केली. मूळ नौका सुमारे १७३.७ मीटर लांब, ३२ मीटर रुंद, पूर्ण भारासह वजन १७,००० टनांच्या आसपास. १:२०० ला लांबी ८६८ मिलिमीटर आणि रुंदी १६०. वजनाचा हिशेब भाचीने लगेच केला: लांबी, रुंदी, उंची तिन्ही २०० ने भागायच्या, म्हणजे वजन ८० लाखांनी. उत्तर सव्वादोन किलोच्या थोडं आत. प्रतिकृतीचं वजन तेवढंच भरलं, तरच ती खऱ्या नौकेइतकी पाण्यात बसेल. बॅलास्टच्या (नौका खाली बसवायला पाणी घेणाऱ्या) टाक्या, नळ्या, रंग, सगळं त्या दोन किलोंत बसवायचं आहे.

आत चार एलसीएम-८ होड्या, म्हणजे किनाऱ्यावर सैन्य उतरवणाऱ्या होड्या, ठेवायच्या. खरी होडी सुमारे २२.४ मीटर लांब आणि ६.४ मीटर रुंद असते आणि एक रणगाडा उचलते. आपल्या प्रमाणात ११२ बाय ३२ मिलिमीटर. दोनामागे दोन अशा चार मावायला गोदीची, म्हणजे नौकेच्या पोटातल्या होड्यांच्या खणाची, आतली जागा २५५ बाय ७६ धरली आहे.

१ डिसेंबर

मिस्त्रीकाका वरचा मनोरा पत्र्याचा करू म्हणत होते. काम देखणं झालं असतं, पण वजन वर गेलं की नौका कलणार. मनोरा जाड कार्डशीट आणि प्लास्टिक शीटचा करायचा, फेविक्विकने जोडायचा. सांगाडा प्लायच्या आडव्या थरांचा, आतून पोकळ, बाहेरून फायबरचा एक हात. काकांना पटायला एक चहा लागला. मग स्वतःच म्हणाले, "भाऊ, तर मग खालचं प्लाय पण सहाचं नको, चारचं घ्या."

१५ डिसेंबर

सांगाड्याचे थर कापून झाले. फेविकॉल वाळेपर्यंत इतिहासाची वही सुरू केली. शिबिरात प्रतिकृतीशेजारी लावायच्या पाट्यांचा मजकूर यातूनच घ्यायचा आहे.

ही नौका आधी अमेरिकेची. यूएसएस ट्रेंटन, क्रमांक एलपीडी-१४ (एलपीडी म्हणजे पोटात होड्यांची गोदी असलेली नौका), ऑस्टिन वर्गातली. सिअ‍ॅटलला लॉकहीडच्या गोदीत बांधली. ऑगस्ट १९६८ मध्ये पाण्यात उतरली, ६ मार्च १९७१ ला नौदलात दाखल झाली. म्हणजे भारतात आली तेव्हा छत्तीस वर्षांची.

तिच्या अमेरिकी नोकरीतल्या दोन मोहिमा मी तपशीलवार लिहून काढल्या, कारण पुढचं सगळं त्यांवरून कळतं.

पहिली एप्रिल १९८८ ची, इराणच्या आखातातली. इराणने पेरलेल्या सुरुंगावर अमेरिकेची एक फ्रिगेट आदळली. त्यानंतर १८ एप्रिलला अमेरिकेने प्रतिहल्ला केला. ट्रेंटन त्यात दोन विनाशिकांबरोबर होती. तिच्यावरचे मरीन सैनिक सासान तेल-फलाटावर उतरले आणि तिथे स्फोटकं लावली. तिच्या तुकडीतलं एक कोब्रा हेलिकॉप्टर परतलं नाही, दोन वैमानिक गेले.

दुसरी जानेवारी १९९१ ची. सोमालियात यादवी पेटली होती, मोगादिशूच्या अमेरिकी दूतावासात माणसं अडकली होती आणि नौका अजून फार लांब होत्या. ५ जानेवारीच्या पहाटे ट्रेंटनवरून दोन मोठी सीएच-५३ हेलिकॉप्टरं उडाली, ४६६ सागरी मैल दूरच्या शहराकडे. वाटेत रात्री, हवेतच, त्यांनी इंधन भरून घेतलं. दूतावासात साठ जण उतरवले आणि पहिल्या तुकडीला घेऊन परतली. मग ग्वाम ही नौका जवळ आल्यावर उरलेल्यांना काढलं. एकूण २८१ माणसं, ३० देशांची, सोव्हिएत राजदूतासकट. त्यांना मस्कतला उतरवण्यात आलं.

भाची म्हणाली, "मामा, म्हणजे सुटकेचं काम हिच्या अंगवळणीच पडलेलं होतं." पाटीवर हे वाक्य घालण्याइतकं मला आवडलं आहे, पण पाटीवर घटनाच जाव्यात.

२९ डिसेंबर

सांगाडा घासून गुळगुळीत. पॉलिश पेपर ८० पासून ४०० पर्यंत. लांबी दोनदा भरली. घरभर धूळ, हिने काम आता ओट्यावर नाही तर गच्चीवरच करायला सांगितलं आहे.

५ जानेवारी २०२५

आज अण्णांनी विचारलं, ही नौका किनाऱ्याला कशी लागते? मुलं हेच विचारतील, म्हणून उत्तर इथे नीट लिहितो.

रणगाडे किनाऱ्यावर उतरवायच्या दोन रीती. एक एलएसटी प्रकारच्या नौकेची: नौका नाकासकट थेट वाळूवर चढवायची, पुढचं दार उघडायचं, गाड्या खाली. भारताची पहिली 'मगर' ही नौका तशीच, ब्रिटिशांकडून १९४९ मध्ये आलेली. तिचं नाव पुढे देशात बांधलेल्या मगरला मिळालं. ती १९८७ पासून ६ मे २०२३ ला कोचीत निवृत्त होईपर्यंत चालली. या रीतीत नौका लहानच ठेवावी लागते, तळ उथळ लागतो आणि नौका किनाऱ्यावरच्या माऱ्यात येते.

दुसरी रीत एलपीडीची. नौका खोल पाण्यात, दूर थांबते. टाक्यांत पाणी घेऊन मागचा भाग खाली जातो, गोदीत पाणी येतं, होड्या तरंगायला लागतात. त्या मागच्या दारातून निघतात आणि किनाऱ्याला त्याच जातात. हेलिकॉप्टरं वरच्या डेकवरून वेगळी. मोठी नौका धोक्यात न घालता हजारभर सैनिक उतरवता येतात. आपल्याकडे अशी नौका एकच, जलाश्व. देशात चार बांधायची योजना कितीतरी वर्षं कागदावर आहे. मला याचं मनापासून वाईट वाटतं, कारण एकाच नौकेवर सगळा भार आहे आणि तिचं वय पन्नाशी ओलांडून गेलं आहे.

१२ जानेवारी

बॅलास्टची रचना. डाव्या-उजव्या बाजूला दोन-दोन टाक्या, तळाला प्रत्येकी एक भोक, वरून हवेची नळी. नळी उघडली की हवा निघते, पाणी खालून आत येतं, मागचा भाग बसतो. मत्स्यालयाचा छोटा एअर पंप लावला की हवा आत जाते आणि पाणी त्याच भोकातून बाहेर ढकललं जातं. एका पंपावर चार नळ्या, चार नळ. कुठली टाकी किती भरायची ते मुलांनी स्वतः फिरवून बघावं, हाच यातला गाभा.

उत्तरायणाचे दोन दिवस गच्ची पतंगांची, त्यामुळे पाण्यातली चाचणी पुढच्या रविवारी.

१९ जानेवारी

पहिली चाचणी, फुगवायच्या टबात. सारखी बसली, छान बसली. मग मागचं दार उघडून गोदीत पाणी घेतलं आणि नौका हळूहळू उजवीकडे झुकू लागली. बोटाने सरळ केली की डावीकडे.

कारण अर्ध्या भरलेल्या टाक्यांमधलं मोकळं पाणी. नौका जरा कलली की ते त्याच बाजूला धावतं आणि कल आणखी वाढवतं. मोठ्या नौकांवर याची फार काळजी घेतात. टाक्या लहान कप्प्यांत विभागतात, आणि एक टाकी अर्धी ठेवण्यापेक्षा पूर्ण भरतात किंवा पूर्ण रिकामी करतात. आपल्याला पूर्ण भरणं-रिकामं करणं जमेल. पण मुलं नळ मध्येच बंद करणार, त्यामुळे कप्पे हवेतच. भाचीने प्रत्येक टाकीत लांबीच्या दिशेने एक पडदा सुचवला आणि गोदीच्या दोन्ही कडांना खाली एक बारीक पट्टी. तळात ६० ग्रॅम शिशाच्या पट्ट्याही जातील, तेवढं वजन शिल्लक आहे.

२६ जानेवारी

पडदे बसवले. आता झुकत नाही. होडी आतून स्वतः तरंगत बाहेर आली तेव्हा मिस्त्रीकाकांनी हात जोडले. दार तळाशी बिजागरीवर आहे, मागे खाली पडतं. दोऱ्याने ओढून बंद. दाराची बिजागरी सध्या प्लास्टिकची, ती बदलायला हवी.

९ फेब्रुवारी

हिचा धाकटा भाऊ आला होता. तो २०२० मध्ये मालेला एका हॉटेलात अकाउंट्स बघायचा. कोरोनात सगळं बंद झालं, पगार थांबले, विमानं नाहीत. अडकलेल्या भारतीयांना समुद्रमार्गे आणायच्या ऑपरेशन समुद्र सेतूत जलाश्व मालेला गेली आणि ८ मे ला ६९८ भारतीयांना घेऊन निघाली. त्यांत १०३ बायका होत्या, त्यांपैकी १९ गरोदर. १० मे ला कोचीला पोहोचली. तो त्यांपैकी एक.

मी त्याला प्रतिकृती दाखवली, तो बराच वेळ डाव्या बाजूकडे बघत होता. मग म्हणाला, "भाऊजी, जेट्टीवरून बघितलं तेव्हा चाळ उभी वाटली. वरती माणसं नुसती ठिपक्यांएवढी." सामानावर फवारणी करून ते वेगळं घेतलं. शिडीने वर चढताना मास्क आणि हातमोजे घातलेल्या खलाशांनी लांबूनच वाट दाखवली. आत एकावर एक बंक, प्रत्येकाला नेमून दिलेला. बंकखाली डिझेलचा आणि रंगाचा वास, रात्रभर इंजिनाची घरघर. त्याच्या वरच्या बंकवर एक केरळचा मुलगा होता. तो पहिल्या रात्री झोपलाच नाही, सारखा विचारत होता, कोची किती वाजता. सकाळी चहा आला तेव्हा दोघांनी पहिल्यांदा एकमेकांची नावं विचारली.

तो बोलत असताना मी मध्येच लिहून घेत होतो. त्याला ते चालेल का असं विचारलं, तर म्हणाला, "लिहा ना भाऊजी, कोणीतरी लिहायलाच हवं."

१६ फेब्रुवारी

आज समितीत खरा प्रश्न आला: प्रतिकृती नौकेच्या कुठल्या दिवसाची करायची? नौका एकच असली तरी देखावा एक निवडावा लागतो. अण्णांना रणगाडा किनाऱ्यावर उतरतोय असा देखावा हवा. त्यासाठी दाखला आहे: नोव्हेंबर २०१९ चा टायगर ट्रायम्फ सराव, विशाखापट्टणम आणि काकीनाडाला, अमेरिकी नौका जर्मनटाउनबरोबर. त्यांचा आग्रह मला समजतो. ही युद्धनौका आहे, तिला मदतवाहू जहाज करून टाकणं खोटं होईल.

माझा आग्रह मे २०२० चा. पण त्यात एक अडचण आहे, ती मीच मांडली. मालेला माणसं जेट्टीवरून शिडीने चढली. मागचं दार तेव्हा उघडलं नाही. म्हणजे ज्या दाराभोवती आपण हे सगळं बांधलं, ते त्या दिवशी बंद होतं.

शेवटी असं ठरलं की प्रतिकृतीच्या जागा दोन. टबात असेल तेव्हा सरावातली जलाश्व: दार उघडं, होड्या, एका होडीत रणगाडा. स्टँडवर असेल तेव्हा मालेची जलाश्व: डाव्या अंगाला जेट्टीची फळी, फळीवर सामान, शिडी, आणि रांगेत उभी छोटी माणसं. जेट्टी आणि शिडी सुटी करायची, लोहचुंबकाने चिकटवायची. अण्णा म्हणाले, "मुलांना दोन्ही दिसलं पाहिजे, हे तुमचं बरोबर आहे." मला हा तोडगा पटतो, कारण ही नौका दोन्ही कामं एकाच शरीराने करते. सैनिकांसाठी बांधलेले बंकच ६९८ माणसांना पुरले. ती जागा युद्धासाठी नसती, तर त्या दिवशी ती रिकामीही मिळाली नसती.

२ मार्च

वहीत भारतीय भाग पूर्ण.

२००४ च्या त्सुनामीत मदत पोहोचवताना समुद्रमार्गे मोठं वजन नेणाऱ्या नौकांची उणीव जाणवली. पुढे जुनी ट्रेंटन घ्यायचं ठरलं. किंमत सुमारे ४.८४ कोटी डॉलर. १७ जानेवारी २००७ ला नॉरफोकमध्ये ताबा मिळाला, २२ जूनला तिथेच ती आयएनएस जलाश्व झाली आणि मग विशाखापट्टणमला आली. तिच्यासोबत सहा यूएच-३एच सी किंग हेलिकॉप्टरं घेतली, ती जून २०२४ मध्ये निवृत्त झाली. क्रमांकही लक्षात राहण्याजोगा: तिकडे १४, इकडे ४१.

एक योगायोग मी मुद्दाम नोंदवतो. जुलै २००६ मध्ये लेबनॉनमधून अमेरिकी नागरिकांना काढायला ट्रेंटन गेली होती. त्याच वेळी, त्याच समुद्रात, भारताच्या मुंबई, ब्रह्मपुत्रा, बेतवा आणि शक्ती या नौका ऑपरेशन सुकूनमध्ये २,२८० माणसांना बाहेर काढत होत्या. सहाच महिन्यांनी ट्रेंटन आपली झाली.

सरकारी खर्च तपासणाऱ्या कॅगने या खरेदीवर ठपका ठेवला होता: जुन्या नौकेची अवस्था नीट न पाहता घाईने घेतली. हेही पाटीवर जाईल. फेब्रुवारी २००८ मध्ये नौकेवर हायड्रोजन सल्फाइड वायूची गळती होऊन नौसैनिकांचे प्राण गेले. लहान मुलांसाठी हे वगळावं, असं एकाने सुचवलं. मी नाही म्हटलं. पाटीवर दोन ओळी राहतील. सेवेच्या इतिहासात ज्यांनी सेवेत जीव दिला ते आलेच पाहिजेत.

२०११: लिबियातून भारतीयांना आणण्याच्या मोहिमेत म्हैसूर आणि आदित्यबरोबर. २०२०: मालेला पुन्हा, मग १ जूनला कोलंबोहून ६८५ जण तुतिकोरिनला, जूनअखेर इराणच्या बंदर अब्बासहून ६८७. समुद्र सेतूत जलाश्व, ऐरावत, शार्दूल आणि मगर या चार नौकांनी मिळून ३,९९२ भारतीय आणले. मार्च २०२१: कोमोरोसला १,००० टन तांदूळ. 

तांदळाची ही नोंद लिहिताना भाचीने विचारलं, हजार टन म्हणजे या प्रतिकृतीत किती? भागाकार केला: १२५ ग्रॅम. तिने स्वयंपाकघरातून तेवढे तांदूळ मोजून आणले आणि गोदीत ओतले. नौका जेमतेम एक-दीड मिलिमीटर खाली गेली. शिबिरात हे करून दाखवायचं. तांदूळ डब्यात राहतील, पाटी शेजारी.

१६ मार्च

रंग. आपल्या नौदलाचा राखाडी अमेरिकी छटेपेक्षा फिकट लागतो. तीन डबे मिसळून छटा मिळाली, त्याचं प्रमाण झाकणाच्या आतल्या बाजूला लिहून ठेवलं. तळाला विटकरी लाल, पाण्याच्या रेषेवर काळा पट्टा. दोन धुराडी एकासमोर एक नाहीत, पुढेमागे आहेत, फोटो बघून जागा पक्की केली. या वर्गाची ओळखच ती.

६ एप्रिल

माणसं. १:२०० ला उभा माणूस साडेआठ मिलिमीटर. तांब्याच्या तारेला पीळ देऊन भाची करते आहे, हात-पाय दिसतात एवढं पुरे. मालेच्या रांगेत एक गरोदर बाई, एक तान्हं बाळ घेतलेला बाप, आणि काही जण बॅगेवर बसलेले. हिच्या भावाने रांगेत आपली जागा दाखवली, शिडीपासून जरा मागे. तिथे निळ्या शर्टाचा माणूस उभा केला.

२७ एप्रिल

पूर्ण चाचणी, आठ-दहा मुलांसमोर. नळ मुलांनीच फिरवले. एका मुलीने दोन उजव्या टाक्या भरून नौका मुद्दाम कलवली, मग डाव्या भरून सरळ केली, आणि विचारलं, "खऱ्या जहाजावर हे कोण करतं? त्याला काही दिसतं का?" उत्तम प्रश्न. बॅलास्ट नियंत्रणाच्या जागेत बसलेल्या खलाशाला समुद्र दिसत नाही, तो आकडे आणि मापकांवर काम करतो. पाटीत हे घालायचं.

दाराचा दोरा दोनदा अडकला. बिजागरी आता पितळेची करून घेतली, एक मिलिमीटर पिनवर. दार आता स्वतःच्या वजनाने पडतं.

४ मे

पाट्या छापून आल्या, शुद्धलेखन अण्णांनी तपासलं. "ऑपरेशन समुद्र सेतू" पाटी जेट्टीच्या बाजूला, बाकीच्या मागे रांगेत. शिबिर सोमवारपासून. रोजच्या वापरासाठी राहिलेली कामं: एअर पंपाची एक जास्तीची नळी, टबाखाली प्लास्टिक, होडीतला रणगाडा पुन्हा चिकटवणं, आणि तांदळाच्या डब्याला घट्ट झाकण, कारण वाचनालयात मुंग्या आहेत. काचेची पेटी मिस्त्रीकाका शनिवारी आणतील.